मानकुरादची मार्टिनी घरी करताना

मार्टिनी म्हणजे मुळात जिन आणि ड्राय व्हर्मुथ (वनस्पतींचा स्वाद दिलेली, गोड नसलेली वाइन), बर्फावर ढवळून आणि गाळून त्रिकोणी पेल्यात ओतलेलं. त्यात फळ नसतं, लिंबू पिळलेलं नसतं, साखर तर नाहीच. जिनऐवजी वोडका घेतली की वोडका मार्टिनी. फळांच्या मार्टिनीने त्या घराण्याकडून फक्त पेला आणि नाव घेतलं आहे. रचनेने ती लिंबाच्या सरबताची बहीण. आंबट, गोड आणि पाणी यांचा तोल साधायचा आणि त्यात वोडका बसवायची. हे एकदा डोक्यात पक्कं झालं की पुढचं सोपं होतं, कारण सरबत बिघडलं तर आपण जसं सुधारतो तशीच ही सुधारता येते.

गोव्यात एप्रिल-मेमध्ये ही करायची तर पहिलं फळ मानकुराद. सालीच्या फिक्या रंगावरून पोर्तुगीज 'मालकोराद', म्हणजे रंगाने वाईट, म्हणत आणि त्याचंच मानकुराद झालं असं सांगतात. २०२३ मध्ये या आंब्याला भौगोलिक मानांकन मिळालं. पेल्याच्या दृष्टीने त्याचे गुण वेगळे आहेत. गरात रेषा जवळजवळ नसतात, पूर्ण पिकल्यावरही किंचित आंबटपणा शिल्लक राहतो, आणि गर घट्ट असूनही गाळणीतून उतरतो. हापूसचीही चांगली होते, पण ती गोडाकडे झुकते, लिंबू ५ मिली वाढवावं लागतं. बहुतेक डबाबंद गरात साखर आधीच घातलेली असते आणि ती किती आहे याचा अंदाज चाखल्याशिवाय येत नाही, म्हणून पाक शून्यावर ठेवून सुरुवात करावी लागते. ताजं फळ हाताशी असताना डब्याकडे जायची गरज नाही.

म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात हंगामाच्या सुरुवातीला मानकुरादचा डझनाचा भाव ऐकून माणूस मागे सरतो. मार्टिनीसाठी मोठा, देखणा आंबा लागत नाही. लहान फळ चालतं, सालीवर डाग असले तरी चालतात. वास मात्र देठापाशी भरपूर हवा. सगळीकडून एकसारखा पिवळा आणि देठाशी बिनवासाचा आंबा असेल तर तो घाईने पिकवलेला आहे असं समजून सोडून द्यावा; त्याचा गर कोयीपाशी पांढरट आणि पाणचट निघतो. अढीत पिकलेला, बोटाने दाबला की जरासा दबणारा घ्यायचा. फार पिकून कोयीजवळ आंबूस झालेला मात्र नको. तो आंबूसपणा जेवणाच्या ताटात एकवेळ चालून जातो, वोडकेत तो पुढे येतो आणि सगळी मार्टिनी शिळी लागते. शुक्रवारी अर्धवट पिकलेले आणले तर रविवारी बरोबर होतात.

आंबे अर्धा तास पाण्यात ठेवायचे, मग देठाकडचा सेंटिमीटरभर भाग कापून टाकायचा. चीक तिथेच असतो, आणि तो गरात गेला की घशाला खवखव सुटते. साल काढून गर हातानेच पिळावा. मिक्सर लावायचाच असेल तर दोन-तीन झटके पुरेत. जास्त फिरवलं की गरात हवा शिरते, रंग मळकट होतो आणि मापात फसवणूक होते, कारण ४० मिली दिसणाऱ्या गरात बरीच हवाच असते. पिळलेला गर स्टीलच्या बारीक चाळणीतून चमच्याने दाबून काढायचा. दोनशे-अडीचशे ग्रॅमच्या एका आंब्यातून १२० ते १४० ग्रॅम गर मिळतो, म्हणजे तीन पेल्यांची सोय. त्यात लगेच चहाचा एक चमचा लिंबाचा रस मिसळून, झाकून, फ्रिजमध्ये. लिंबामुळे रंग टिकतो. गर थंड असणं फार महत्त्वाचं. मे महिन्यात स्वयंपाकघरातला गर बत्तीस-तेहतीस अंशांवर असतो, आणि तो तसाच शेकरमध्ये, म्हणजे पेय हलवायच्या झाकणाच्या भांड्यात, घातला तर बर्फाची अर्धी ताकद त्याला थंड करण्यातच जाते.

पाक साधा असतो. १०० ग्रॅम साखर, १०० मिली पाणी, साखर विरघळेपर्यंतच मंद आच. उकळू द्यायचा नाही. पाणी उडालं की पाक दाट होतो आणि पुढची सगळी मापं चुकतात. यातून साधारण १६० मिली पाक होतो. बाटलीत भरून फ्रिजमध्ये तीन आठवडे राहतो, बाहेर ठेवला तर आपल्या हवेत काही दिवसांत वर बुरशी धरते. साखरेऐवजी माडाचा गूळ घालून पाहायचा मोह होतो. तो अननसाला शोभतो. मानकुरादवर मात्र गुळाचा काळपट, धुरकट स्वाद चढतो आणि आंबा हरवतो.

लिंबू पिळायचं ते त्याच संध्याकाळी. उन्हाळ्यातली लिंबं लहान आणि कोरडी असतात, एका लिंबातून १० ते १५ मिली रस निघतो. ओट्यावर तळव्याखाली दाबून फिरवलं की जास्त सुटतो. शेवटच्या थेंबापर्यंत पिळायचं नाही, सालीचा आणि पांढऱ्या भागाचा कडूपणा उतरतो. बी आत राहिली तरी तेच. बाटलीतला तयार रस वापरला तर मार्टिनीला औषधी वास येतो आणि कितीही गर घातला तरी तो झाकला जात नाही. कैरी मिळाली तर लिंबाहून सुंदर: कैरी किसून फडक्यातून पिळायची आणि १५ मिली लिंबाच्या जागी २५ मिली कैरीचा रस घालायचा, कारण तो लिंबाइतका जहाल नसतो. पिकलेला आंबा आणि कैरी एकाच पेल्यात आली की आंब्याचा वास दुप्पट झाल्यासारखा भासतो.

वोडका कुठली, या प्रश्नावर लोक जितका वेळ घालवतात तितका तो मोठा नाही. भारतात बनणाऱ्या बहुतेक वोडकेत मद्यार्क ४२.८ टक्के असतो. फळ, लिंबू आणि साखर घातल्यावर मधल्या भावाची आणि महागाची बाटली यांतला फरक सापडणं कठीण. अगदी स्वस्तातली मात्र टाळावी, तिचा स्पिरिटसारखा वास गारठ्यातही वर येतो. आणि सफरचंद, संत्रं वगैरे वास लावलेली वोडका ताज्या फळाबरोबर घेऊ नये; कृत्रिम वास आणि खरं फळ एकमेकांना ओढत राहतात.

आता बर्फ. घरी केलेल्या दहा मार्टिन्या फसल्या तर त्यातल्या सात बर्फामुळे फसतात असा आमचा अंदाज आहे, म्हणून इथे जरा थांबायला हवं. गोव्यातल्या घरच्या फ्रीझरमध्ये मासळी असते. बांगडे, सुंगटं, इसवणाच्या तुकड्या. उघड्या ट्रेमधला बर्फ त्यांचा वास ओढून घेतो. नुसता खडा तोंडात धरला तर तो वास जाणवतो, आणि शेकरमध्ये त्याच बर्फाचं तीस-चाळीस मिली पाणी पेयात उतरतं. उपाय सोपा आहे. पाणी उकळून गार करायचं, झाकणाच्या ट्रेमध्ये गोठवायचं, खडे सुटे करून घट्ट झाकणाच्या डब्यात भरायचे आणि तीन-चार दिवसांत संपवायचे. बाहेरून आणायचा असेल तर पिण्यासाठी म्हणून विकला जाणारा पिशवीतला बर्फ घ्यावा. मासळी टिकवण्यासाठी कारखान्यातून येणारा लादीचा बर्फ पेयात कधीही नको.

खड्याचा आकारही बघावा लागतो. लहान, पोकळ खडे पटकन वितळतात. २५ ते ३० ग्रॅमचे, भरीव खडे हवेत. एका मार्टिनीला आठ-नऊ, म्हणजे सव्वादोनशे ते अडीचशे ग्रॅम. 'बर्फ कमी घातला तर पाणी कमी होईल' हा सगळ्यात मोठा गैरसमज. चार खडे घातले तर ते पेय थंड करता करता बरेच झिजतात, पेय पाणचट होतं आणि तरीही पुरेसं गार होत नाही. भरपूर बर्फ असला की काम वाटलं जातं, प्रत्येक खडा थोडाच झिजतो. फ्रीझरमधून काढून ओट्यावर पाच मिनिटं ठेवलेला बर्फ बाहेरून ओला होतो, ते पाणी आधीच पेयात जातं. म्हणून बाकी सगळं शेकरमध्ये मापून तयार ठेवायचं आणि बर्फ सर्वात शेवटी काढायचा.

पेला फ्रीझरमध्ये निदान वीस मिनिटं. १५० ते १८० मिलीचा हवा. अडीचशे मिलीचे मोठे त्रिकोणी पेले दिसायला छान, पण त्यांत मार्टिनी तळाशी राहते किंवा पेला भरायच्या नादात जास्त ओतली जाते, आणि निम्म्यावर येईपर्यंत कोमट होते. त्रिकोणी नसेल तर उथळ वाटीसारखा दांड्याचा पेलाही उत्तम, उलट तो सांडत नाही.

एका पेल्याचं आमचं माप असं ठरलं आहे. वोडका ५० मिली, मानकुरादचा गर ४० मिली, लिंबाचा रस १५ मिली, पाक १० मिली, आणि मिठाच्या पाण्याचे दोन थेंब. मिठाचं पाणी म्हणजे एक चमचा मीठ चार चमचे पाण्यात विरघळवून ठेवलेलं. दोन थेंबांनी खारट काहीच लागत नाही, पण आंब्यावर मीठ भुरभुरल्यावर जे होतं तेच इथे होतं, गोडी मोकळी होते. जिगर, म्हणजे मद्य मापायचं छोटं भांडं, नसेल तर चहाचा चमचा ५ मिली आणि मोठा चमचा १५ मिली, मात्र मापाचेच चमचे घ्यावेत. घरातल्या चमच्यांचा भरवसा नाही. अंदाजाने बाटलीतून ओतली तर वोडका नेहमी जास्तच पडते.

गर ४० मिलीच का, हे करून पाहिल्याशिवाय पटत नाही. ६० मिली गर घातला की मार्टिनी मस्तानीच्या वाटेने जाते. दाटपणामुळे बर्फ आणि पेय नीट मिसळत नाहीत, शेकर तेवढाच वेळ हलवूनही ते कमी थंड होतं, आणि गाळणी तुंबते. २५ मिलीवर आणला तर रंग सुंदर येतो पण चवीत वोडका पुढे आणि आंबा मागे. ३५ ते ४५ या पट्ट्यातच गंमत आहे.

शेकर घरगुती वापराला तीन तुकड्यांचा, वर जाळी आणि छोटं टोपण असलेला, तोच बहुतेकांकडे असतो. तो नसेल तर घट्ट फिरकीच्या झाकणाची स्टीलची बरणी चालते. गर, लिंबू, पाक, मीठ आधी घालून चमच्याने ढवळायचं, मग चाखायचं. वोडका घालण्याआधीची ही चव फार कामाची आहे, कारण आंबा दर फळागणिक बदलतो. या टप्प्यावर मिश्रण साध्या पन्ह्यापेक्षा थोडं जास्त आंबट-गोड, म्हणजे जरा भडकच लागलं पाहिजे. वोडका आणि वितळलेलं पाणी मिळून ते बरोबर जागेवर येतं. इथेच ते बेताचं लागलं तर पेल्यात फिकं पडणार. मग वोडका, मग बर्फ, झाकण घट्ट.

हलवायचं दोन्ही हातांनी, खांद्याच्या पातळीवर, बर्फ एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत आपटेल असं. सव्वा ते दीड मिनिट हलवत राहणारे असतात, त्याची गरज नाही. १५ सेकंद पुरतात, गर दाट असेल तर १८. साध्या रसाला १२. शेकरवर बाहेरून घाम आला की झालं, असं सर्रास सांगितलं जातं. कोरड्या हवेत ते चालत असेल, आपल्याकडे नाही. मे महिन्यात किनाऱ्यावरची हवा इतकी दमट असते की धातू पंचवीस अंशांच्या खाली आला की त्यावर पाणी जमतं. दोन-तीन सेकंदांत शेकर घामाने डबडबतो आणि आतलं पेय अजून जेमतेम गार झालेलं असतं. त्यापेक्षा हात आणि कान यांच्यावर विसंबावं. बोटांना चटका बसावा इतकं स्टील गार झालं पाहिजे, आणि सुरुवातीचा खणखणीत आवाज दबका झाला पाहिजे. तेव्हा आतलं तापमान शून्याच्या खाली गेलेलं असतं.

टोपण अडकतं, हे सगळ्यांचं होतं. आतली हवा गार होऊन आक्रसते आणि झाकण आत ओढलं जातं. चिमटे, सुरी वगैरे लावायचं नाही, कडा वाकते आणि मग शेकर कायमचा गळतो. शेकरच्या वरच्या भागावर दहा सेकंद गरम तळहात धरावा, किंवा फक्त टोपणावर कोमट पाण्याची धार सोडावी, आणि मग फिरवत काढावं.

ओतताना शेकरची जाळी पुरत नाही. पेल्यावर चहाची बारीक गाळणी धरून दुहेरी गाळायचं, म्हणजे बर्फाचा चुरा आणि उरलेसुरले तंतू अडतात. तो चुरा पेल्यात गेला तर दोन मिनिटांत वितळून वर पाण्याचा थर करतो. गाळणी तुंबली तर चमच्याने खालून टोकरायचं, वरून दाबायचं नाही. ११५ मिली मिश्रणाचे पेल्यात येईपर्यंत साधारण १४५ ते १५० मिली होतात. वरचे तीस-पस्तीस मिली हे बर्फाचं पाणी, आणि ते या पेयाचा चूक नसलेला, हवाच असलेला भाग आहे.

म्हणूनच वोडकेची बाटली फ्रीझरमध्ये ठेवणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. ४० टक्क्यांची वोडका घरच्या फ्रीझरच्या उणे अठरा अंशांना गोठत नाही, फक्त दाट होते. पण ती इतकी गार असल्यामुळे बर्फ फार वितळत नाही, पाणी कमी सुटतं, आणि मार्टिनी जहाल, चिकट, बंद लागते. अशा वेळी शेकरमध्ये १० ते १५ मिली गार पाणी मुद्दाम घालायचं. आम्ही बाटली साध्या फ्रिजमध्ये ठेवतो.

या मापाने पेल्यात साधारण २१ मिली शुद्ध मद्यार्क असतो, म्हणजे तयार पेय साडेचौदा टक्क्यांच्या आसपास, वाइनहून थोडं कडक. गोड आणि गार असल्यामुळे ते जाणवत नाही, आणि दोन पेले सरबतासारखे जातात. पाहुण्यांना हे आधी सांगावं. गोव्यात मद्यासाठी वयाची अट २१ वर्षांची आहे, आणि गाडी चालवणाऱ्यासाठी कायद्याची मर्यादा १०० मिली रक्तात ३० मिलिग्रॅम. एक पेला घेतलेल्या माणसाने स्कूटरची किल्ली हातात घेऊ नये. न पिणाऱ्यांसाठी तेच मिश्रण वोडकेऐवजी ४० मिली गार पाण्यावर करून, त्याच पेल्यात, त्याच थाटात द्यावं. ते अजिबात दुय्यम लागत नाही.

बिघडलं तर काय करायचं ते सरबताच्याच न्यायाने. फार गोड झाली तर पाणी घालून काही होत नाही. ५ मिली लिंबू आणि दोन खडे टाकून पाच सेकंद परत हलवायची. फार आंबट असेल तर पाक ५ मिली. सपाट लागली, म्हणजे गोड-आंबट ठीक पण जीव नाही, तर मिठाचा आणखी एक थेंब. पेल्यात पाच मिनिटांत खाली गर आणि वर फिकट पाणी असे दोन थर झाले तर हलवणं कमी पडलं किंवा गर नीट गाळलेला नव्हता. थोडासा थर मात्र कुठल्याही फळाच्या गराला पडतोच, त्याची चिंता नको.

पेल्याच्या कडेला मीठ-तिखट लावायची पद्धत आंब्याबरोबर चांगली जमते. हरमलची मिरची भाजून, कुटून, मिठागरातल्या जाड्या मिठात मिसळायची, पण मीठ आधी तव्यावर कोरडं करून घ्यायचं, नाहीतर गोळे होतात. फक्त अर्ध्या कडेला लावावं, म्हणजे पिणाऱ्याला निवड राहते. पावसाळ्यात हा खटाटोप सोडून द्यावा, मीठही पाणी सोडतं आणि साखरही. सजावटीला आंब्याची पातळ फोड किंवा काहीच नाही. करमलाची (स्टारफ्रूटची) चांदणी दिसते सुरेख, पण मूत्रपिंडाचा आजार असलेल्यांना करमल घातक असतं, तेव्हा पेल्यात टाकण्याआधी विचारावं.

आंब्याच्या हंगामातच भिरंडं येतात, म्हणजे कोकमं. कोकमाची मार्टिनी रंगाने सगळ्यांना मागे टाकते, पण इथे एक ठरलेली चूक होते. बाटली आगळाची उचलली जाते. आगळ खारवलेलं असतं, सोलकढीला योग्य, इथे एका चमच्यात मार्टिनी समुद्र होते. साखरेत मुरवलेलं अमृत कोकम हवं. वोडका ५० मिली, अमृत कोकम २५ मिली, गार पाणी २५ मिली, लिंबू फक्त ५ मिली. पाक नाही. कोकम स्वतःच आंबट असल्यामुळे लिंबू वासापुरतं. रस पातळ असतो, म्हणून १२ सेकंदच.

अननसाचं वैशिष्ट्य फेस. ताजा रस बर्फाबरोबर जोरात हलवला की वर बोटभर मऊ फेस बसतो. डब्यातल्या रसाला तितका येत नाही. वोडका ५० मिली, रस ६० मिली, लिंबू १० मिली, पाक ५ मिली, आणि इथे माडाच्या गुळाचा पाक जरूर वापरावा. जगभरच्या बारमध्ये मिळणारी फ्रेंच मार्टिनी याच फेसावर उभी आहे. वोडका, अननसाचा रस आणि रास्पबेरीचं लिकर एवढंच तिच्यात असतं. अननसाचा रस बाहेर ठेवला तर गोव्याच्या उष्म्यात संध्याकाळपर्यंत फसफसायला लागतो, तेव्हा काढला की थेट फ्रिजमध्ये.

पॅशन फ्रूटचा वेल अलीकडे बऱ्याच कुंपणांवर दिसतो. साल सुरकुतली की फळ तयार. लंडनचे बारटेंडर डग्लस आंक्रा यांनी २००० च्या दशकाच्या सुरुवातीला पॅशन फ्रूट आणि व्हॅनिला यांची जी मार्टिनी केली तिच्यामुळे हे फळ या पेल्यात कायमचं बसलं. दोन फळांचा गर चाळणीवर घासून ३० मिली काढायचा, वोडका ५० मिली, पाक २० मिली आणि व्हॅनिला इसेन्सचे फक्त दोन थेंब. फळ फार आंबट असल्यामुळे लिंबू आधी घालायचं नाही, चाखून ठरवायचं. बिया मिक्सरमधून फिरवू नयेत, फुटल्या की तुरटपणा आणि काळे कण दोन्ही येतात.

पर्र्याच्या कलिंगडाला वेगळा नियम. त्याच्या रसात पाणीच पाणी, म्हणून ७० मिली रस आधी चांगला गार करून घ्यायचा आणि ८ ते १० सेकंदांतच थांबायचं. जांभळाला तुरटपणा फार असतो, त्याला मीठ आणि पाक दोन्ही जास्त लागतात. फणसाचा गर मार्टिनीत जड पडतो. कापा फणसाचे गरे वोडकेत मुरवलेले मात्र अप्रतिम. २५० ग्रॅम गरे, ५०० मिली वोडका, काचेची बरणी, फ्रिजमध्ये तीन दिवस, गरे पूर्ण बुडलेले. वर तरंगलेला तुकडा काळा पडतो आणि सगळ्या बरणीला वास लावतो. आंबा असा मुरवू नये, चव शिजवल्यासारखी होते. मुरवलेल्या वोडकेत फळाचं पाणी उतरून ती सौम्य होते, साधारण ३० टक्के, म्हणून ती ५० ऐवजी ६० मिली घ्यावी.

सहा जणांसाठी करायची तर सकाळी वोडका ३०० मिली, गर २४० मिली आणि पाक ६० मिली एकत्र करून बाटलीत भरून फ्रिजमध्ये ठेवायचं. लिंबाचे ९० मिली ऐन वेळी घालायचे, आधी घातले तर संध्याकाळपर्यंत त्यांची धार बोथट होते. मग एका वेळी दोनच पेले हलवायचे. साडेसातशे मिलीच्या शेकरमध्ये तिसरा बसवला की बर्फाला हलायला जागा उरत नाही आणि तिन्ही कोमट निघतात. जगमध्ये बर्फ टाकून ठेवणं तर नकोच, अर्ध्या तासात नुसतं आंब्याचं पाणी उरतं.

पहिला मोठा पाऊस पडला की मानकुरादात अळी धरते, तेव्हा मेच्या तिसऱ्या आठवड्यातच गर साठवायला घ्यावा. गाळलेला गर लिंबासह ट्रेमध्ये गोठवायचा, ४० मिलीला किती खडे येतात ते एकदा मोजून डब्यावर लिहून ठेवायचं, आणि खडे हवाबंद पिशवीत, मासळीपासून दूर. जुलैमध्ये करायची तर आदल्या रात्री तेवढेच खडे फ्रिजच्या खालच्या कप्प्यात उतरवायचे. ओट्यावर वितळवले तर गर फुटून पाणी वेगळं होतं. घाईत गोठलेलेच शेकरमध्ये टाकले तर बर्फ कमी वितळतो, त्यामुळे १० मिली पाणी जास्त घालायचं आणि २० सेकंद हलवायचं.